'आफत': कुर्ल्याच्या एका गाण्याने काय बदलले?

कुळगाव-बदलापूरहून सकाळी मुंबईकडे निघालेली लोकल अंबरनाथ, उल्हासनगर, विठ्ठलवाडी, कल्याण करत तासाभराहून थोड्या अधिक वेळाने कुर्ल्याला पोहोचते. या गाडीत रोज कामाला आणि कॉलेजला जाणारी आपली मुले उभी असतात. कानांत इअरफोन, ओठ हलत असलेले आणि बोटांनी दाराच्या दांड्यावर धरलेला ठेका. ती नुसते ऐकत नसतात, बरोबरीने म्हणत असतात. घरी हीच मुले जेवताना दोन वाक्यांपुढे बोलत नाहीत, अशी अनेक आयांची तक्रार असते. मग गाडीत ती एवढे भरभर काय म्हणत असतात?

बहुतेक वेळा ते रॅप असते. 'हा गोंगाट बंद कर' एवढ्यावर हा विषय आपल्या घरांत संपतो. पण आज या मुलांच्या ओठांवर जी बोली आहे, तिला रॅपमध्ये जागा मिळवून देणाऱ्या सुरुवातीच्या गाण्यांपैकी एक गाणे याच रेल्वेमार्गावरच्या एका मुस्लिम मोहल्ल्यातून आले. ते कुर्ला पश्चिमेच्या नावेद शेख या तरुणाने केले होते. त्याचे नाव 'आफत'.

आयपॅडवर झालेले गाणे

'आफत' २०१४ च्या जानेवारीत यूट्यूबवर आले. नावेद तेव्हा विशीत होता आणि 'नेझी' या नावाने रॅप करत होता. त्याच्याजवळ ना स्टुडिओ होता, ना कंपनी, ना वादक. गाण्याचा ठेका त्याने इंटरनेटवरून उतरवून घेतला, त्यावर स्वतःचे शब्द बसवले, आवाज आयपॅडवर ध्वनिमुद्रित केला आणि त्याच आयपॅडवर आपल्या भागातल्या गल्ल्यांत चित्रीकरणही केले. त्या काळी मोबाइलचा डेटा महाग होता. स्वस्त इंटरनेटची लाट २०१६ मध्ये जिओ आल्यावर उसळली. तरीही हे गाणे या फोनवरून त्या फोनवर फिरत राहिले.

'आफत' हा शब्द आपल्या घरांत रोजचा आहे. खोडकर पोराला अम्मी वैतागून म्हणते, 'आफत आहे नुसती!' त्यात राग असतो आणि लाडही असतो. मोहल्ल्याबाहेर मात्र अशाच पोराकडे पाहणाऱ्याच्या डोळ्यांत नुसता संशय असतो. नावेदने तो शब्द स्वतःच उचलला आणि आपल्या नावापुढे लावला. तुम्ही मला आफत समजता ना, मग ऐका, असा त्या गाण्याचा एकूण सूर आहे.

खरी नवलाई भाषेची होती. तोवर भारतातले बरेचसे रॅप इंग्रजीत होते. हिंदी-पंजाबीत जे गाजत होते त्याचा मुक्काम मोटारी, पार्ट्या आणि श्रीमंतीच्या बढाया यांत असे. नावेदने कुर्ल्यात बोलली जाते तीच बोली घेतली. हिंदीचा सांगाडा, उर्दूचे शब्द, मराठीचा हेल आणि नाक्यावरचे वाक्प्रचार. या बोलीला आपण स्वतःही कधी भाषा मानले नव्हते. शाळेत मराठी शुद्ध हवी, मदरशात उर्दूचा तलफ्फुज नीट हवा आणि मुलाखतीला इंग्रजी यायला हवे. या तिन्ही ठिकाणी जिच्यामुळे मुलाला लाज वाटायची, त्या बोलीत काफिये इतके चपखल बसतात हे या गाण्याने दाखवून दिले.

गल्लीतून पडद्यावर

पुढचा प्रवास वेगाने झाला. त्याच वर्षी दिशा रिंदानी यांनी नावेदवर 'बॉम्बे ७०' हा लघु माहितीपट केला. नावातला ७० हा आकडा कुर्ल्याच्या पिनकोडचा. मुंबईच्या मामी चित्रपट महोत्सवात त्याला पारितोषिक मिळाले. २०१५ च्या एप्रिलमध्ये अंधेरीचा विवियन फर्नांडिस, म्हणजे 'डिव्हाइन', आणि नेझी यांचे 'मेरे गली में' आले. एक ख्रिस्ती, एक मुसलमान, दोघेही साध्या वस्तीतले. दोघांनी मिळून आपापल्या गल्लीचा अभिमान मांडला आणि या प्रकाराला 'गली रॅप' हे नाव चिकटले.

दिग्दर्शिका झोया अख्तर यांच्या पाहण्यात 'आफत'चा व्हिडिओ आला तेव्हा त्या दुसऱ्या एका चित्रपटाच्या संकलनात गुंतल्या होत्या. त्यांनी या मुलांना गाठले आणि त्यातून 'गली बॉय' उभा राहिला. २०१९ च्या फेब्रुवारीत तो आधी बर्लिनच्या महोत्सवात दाखवला गेला आणि १४ फेब्रुवारीला देशभर लागला. त्या वर्षी ऑस्करसाठी भारताची निवड म्हणून तोच गेला आणि त्याला १३ फिल्मफेअर पुरस्कार मिळाले. त्याचा नायक मुराद हा धारावीतल्या ड्रायव्हरचा मुलगा. हिंदी पडद्यावर मुस्लिम तरुण बराच काळ एकतर नवाब असे किंवा गुन्हेगार. मुराद परीक्षा देतो, नोकरी करतो, घरातल्या भांडणांनी पोळतो आणि वहीत ओळी लिहितो. अशी मुले आपल्याकडे प्रत्येक इमारतीत आहेत, फक्त ती पडद्यावर दिसत नव्हती.

पण मुराद म्हणजे नावेद नव्हे. चित्रपटाने धारावी घेतली, कुर्ला नाही. घरची गोष्टही वेगळी रचली. मुरादची गोष्ट टाळ्यांच्या कडकडाटात संपते, नावेदच्या वाटेत मात्र मोठा खंड पडला. चित्रपट येण्याआधीचा सुमारे वर्षभराचा काळ तो जवळपास गप्प होता. दीनदार घरातल्या मुलासमोर 'हे काम योग्य की अयोग्य' हा प्रश्न पुन्हा पुन्हा उभा राहतो, हे आपल्या वाचकांना वेगळे सांगायला नको. २०१९ च्या जानेवारीत तो 'आफत वापस' घेऊन परतला. २०२२ मध्ये त्याचा पहिला अल्बम आला, त्याचे नाव 'मगरिब'. या शब्दात पश्चिम दिशाही आहे आणि संध्याकाळच्या नमाजची वेळही. ज्या घरात तो वाढला, त्या घरातलाच हा शब्द आहे.

हा प्रकार आला कुठून?

हिप हॉपचा जन्म न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्स भागातला. ११ ऑगस्ट १९७३ च्या रात्री जमैकाहून आलेल्या कुटुंबातल्या कूल हर्क या तरुणाने आपल्या इमारतीत बहिणीच्या समारंभात दोन तबकड्या आलटून पालटून वाजवल्या, तो दिवस आज याचा वाढदिवस मानला जातो. ब्रॉन्क्समधून मोठा महामार्ग नेताना हजारो कुटुंबे विस्थापित झाली होती. घरे ओस पडली होती, आगी लागत होत्या. १९८२ मध्ये ग्रँडमास्टर फ्लॅश आणि त्याच्या साथीदारांचे 'द मेसेज' आले आणि नाचायच्या ठेक्यावर वस्तीतल्या जगण्याचे वर्णन ऐकू आले. अमेरिकेच्या संसद ग्रंथालयाने २००२ मध्ये जतन करण्याजोग्या ध्वनिमुद्रणांची पहिली यादी केली, तेव्हा त्या ५० नोंदींत हे गाणे होते. वीस वर्षांपूर्वीचा 'गोंगाट' राष्ट्रीय ठेवा ठरला होता.

या संगीताशी इस्लामचे नातेही जुने आहे. यासिन बे या नावाने आज ओळखला जाणारा मोस डेफ हा मुस्लिम रॅपर. त्याच्या १९९९ च्या अल्बमची सुरुवातच बिस्मिल्लाहने होते. रॅप करणारी मुले गोल करून आळीपाळीने म्हणतात, त्या रिंगणाला 'सायफर' म्हणतात. या इंग्रजी शब्दाचे मूळ अरबी 'सिफर', म्हणजे शून्य. आपल्या घरातली मोठी माणसे आजही शून्याला सिफरच म्हणतात.

मराठी मुलखालाही ही गोष्ट परकी नाही. डफावर थाप मारून चौकात सवाल टाकणारा शाहीर आणि त्याला तिथल्या तिथे जवाब देणारा दुसरा फड, हे आपण शतकानुशतके पाहत आलो आहोत. पेशवाईच्या अखेरीचा नामवंत शाहीर सगनभाऊ मुसलमान होता, हत्यारांना धार लावणाऱ्या शिकलगार समाजातला. बार्शीचे अमर शेख यांचे मूळ नाव मेहबूब हुसेन पटेल. बसवर क्लीनर आणि गिरणीत कामगार म्हणून राबलेला हा माणूस अण्णाभाऊ साठे आणि गव्हाणकर यांच्याबरोबर लाल बावटा कलापथकात उभा राहिला. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात त्यांच्या पहाडी आवाजाने मैदाने भरली. कव्वालीचा मुकाबला आणि मुशायऱ्यातली चुरस तर आपल्या घरचीच. मोहल्ल्यातला मुलगा यमक जुळवून चारचौघांत आपली बाजू मांडतो, तेव्हा अमेरिकेच्या नकलेबरोबर हा वारसाही त्याच्या पाठीशी असतो. फक्त त्याला तो कुणी सांगितलेला नसतो.

वारसा कोणाकोणाकडे गेला

'आफत'नंतर काही वर्षांतच वाट रुंद झाली. धारावीच्या 'डोपॅडेलिक्स' गटाने पोलिसांच्या जाचावर 'आई शपथ साहेब मी नव्हतो' हे गाणे केले. नाक्यावर उभे राहिले म्हणून हटकला गेलेला कोणताही मुलगा हे शीर्षक ऐकताच समजून घेईल. पुढे रजनीकांत यांच्या 'काला' या चित्रपटातही हे तरुण झळकले. धारावीतच २०१५ पासून मुलांना रॅप, बीटबॉक्सिंग आणि नाच फुकट शिकवणारी शाळा चालू झाली.

गोवंडीच्या सानिया मिस्त्री हिने हिजाब घालून रॅप म्हटले, तेव्हा वर्तमानपत्रांना तिच्या हिजाबचे अप्रूप वाटले. आपण तिच्या शब्दांकडे पाहायला हवे. रिक्षाचालकाची ही मुलगी वस्तीतल्या अडचणींवर आणि मुलींवर होणाऱ्या भेदभावावर लिहिते. रॅप म्हणजे शिव्या आणि छिछोरपणा, हे समीकरण तिने आपल्या परीने मोडले.

पुण्याच्या ताडीवाला रोडच्या वस्तीतला अल्ताफ शेख, म्हणजे एमसी स्टॅन, लहानपणी कव्वाली म्हणायचा. २०२३ च्या फेब्रुवारीत तो 'बिग बॉस'च्या सोळाव्या पर्वाचा विजेता ठरला आणि पुण्याच्या गल्लीतले शब्द देशभरच्या मुलांच्या तोंडी गेले. त्याच्या गाण्यांतल्या शिव्यांवर आपल्या घरांतून जो आक्षेप घेतला जातो, तो रास्त आहे. पण त्याचेच 'अस्तगफिरुल्लाह' नावाचे गाणेही आहे. आपण बोललो त्याची खंत वाटणे, हाही या मुलांच्या लिहिण्याचा विषय होऊ शकतो, हे लक्षात घेतले पाहिजे.

अंबरनाथच्या पोलीस ठाण्यात रॅप

आपल्या परिसराचा या कहाणीशी संबंध केवळ लोकलपुरता नाही. उल्हासनगरच्या कॅम्पांतल्या कारखान्यांत शिवल्या जाणाऱ्या जीन्स मुंबईभरच्या पोरांच्या अंगावर असतात आणि रॅपच्या पोशाखाला जीन्सवाचून चालत नाही. फाळणीनंतर सिंधमधून उखडून आलेल्या लोकांनी लष्करी छावणीच्या बराकींत वसवलेले हे शहर. मुंबईत घर परवडेनासे झाले तशी कुटुंबे याच मार्गावर पुढे सरकत अंबरनाथ, बदलापूरला आली. २०११ च्या जनगणनेत कुळगाव-बदलापूरची लोकसंख्या १ लाख ७४ हजारांवर होती. आज कोणीही स्टेशनाबाहेर उभे राहिले तर गर्दी किती वाढली हे सांगायला आकडा लागत नाही. अशा नव्या वस्त्यांतल्या मुलांना मैदान नसते, वाचनालय नसते, ओळखीचा नाकाही नसतो. हातात फोन तेवढा असतो.

२०२३ च्या एप्रिलमध्ये मराठी रॅपचे नाव थेट अंबरनाथमध्ये गाजले. छत्रपती संभाजीनगरचा राज मुंगसे या तरुणाने राज्यातल्या सत्तांतरावर बोचरी टीका करणारे मराठी रॅप समाजमाध्यमांवर टाकले होते. सत्ताधारी पक्षाच्या युवा शाखेच्या पदाधिकारी महिलेने तक्रार दिली आणि अंबरनाथच्या शिवाजीनगर पोलीस ठाण्यात गुन्हा नोंदला गेला. त्याच सुमारास मुंबईत उमेश खाडे या दुसऱ्या रॅपरवर वडाळा टी. टी. पोलिसांनी कारवाई केली. विरोधी पक्षांच्या नेत्यांनी दोघांची बाजू घेतली आणि काही दिवस वृत्तवाहिन्यांवर रॅपचीच चर्चा चालू होती.

त्या गाण्यांतली मते कोणाला पटोत वा न पटोत. मुलांना आणि पालकांना यातून कळायला हवे ते असे की, घरातल्या पलंगावर बसून केलेले दोन मिनिटांचे रॅप पोलीस ठाण्यापर्यंत पोहोचू शकते. आपल्या मुलाच्या बाबतीत तर एखादा शब्द कसा वाचला जाईल, याची धास्ती आणखी एका कारणाने असते. ते कारण इथे उलगडून सांगण्याची गरज नाही. म्हणून 'बोलू नकोस' असे सांगणे सोपे वाटते. पण बोलणे थांबवले तर मनातले साचून राहते. त्यापेक्षा काय बोलायचे, किती खात्रीने बोलायचे आणि कोणाचे नाव कधी घ्यायचे, हे शिकवणे अवघड असले तरी जास्त उपयोगाचे आहे.

मग घरात काय करावे?

पहिला प्रश्न दीनचा. वाद्यसंगीताबद्दल उलेमांमध्ये मतभेद आहेत. मोठा वर्ग ते निषिद्ध मानतो, काही जण अटींसह सवलत देतात. त्याचा निवाडा प्रत्येक कुटुंबाने आपल्या विश्वासातल्या आलिमांना विचारून करावा. पण शब्दांच्या बाबतीत आपल्यापुढे स्पष्ट उदाहरण आहे. हजरत हस्सान बिन साबित (रजि.) हे प्रेषित मुहम्मद (स.) यांचे कवी होते आणि त्यांच्यासाठी मस्जिद-ए-नबवीत मिंबर ठेवला जाई, असे हदीसमध्ये आले आहे. कुरआनच्या २६ व्या सूरहचे नावच 'अश-शुअरा', म्हणजे कवी. तिच्या अखेरच्या आयतींत दिशाहीन भटकणाऱ्या आणि करत नाहीत ते बोलणाऱ्या कवींवर ताशेरे आहेत. त्याच जागी ईमान राखणाऱ्या, सत्कर्म करणाऱ्या आणि जुलूम झाल्यावर प्रत्युत्तर देणाऱ्यांना अपवादही केले आहे. मुलाशी बोलायला बसण्यासाठी एवढी कसोटी पुरेशी आहे. तू म्हणतोस ते खरे आहे का, आणि तू ते जगतोस का?

दुसरे, त्याला ठेका बंद करून शब्द वाचून दाखवायला सांगावे. ठेक्याखाली जे झाकले जाते ते वाचताना उघडे पडते. शिवी असेल तर ती अम्मीसमोर वाचताना त्याची त्यालाच अडखळण होईल. ओळ चांगली असेल तर तुम्हीही दाद द्याल. नावेदच्या गाण्याची ताकद स्वतःच्या अनुभवात होती. ब्रॉन्क्सच्या किंवा कुर्ल्याच्या मुलाचे दुःख उसने घेण्यापेक्षा बदलापूरच्या मुलाने आपल्या गाडीची गर्दी, आपल्या भाड्याच्या घराचा अकरा महिन्यांचा करार, आपल्या बहिणीची अर्धवट राहिलेली शिकवणी यांवर लिहावे.

तिसरे, व्यवहार. इंटरनेटवर सापडलेला प्रत्येक ठेका फुकट वापरता येतो असे नाही. त्याच्या मालकाची परवानगी किंवा परवाना लागतो, नाहीतर गाणे उतरवले जाऊ शकते आणि कमाई दुसऱ्याकडे जाऊ शकते. अठरा वर्षांखालच्या मुलाने सही केलेला करार भारतीय कायद्यात बंधनकारक नसतो. म्हणून 'फक्त इथे सही कर' म्हणणाऱ्यापासून सावध राहावे आणि प्रौढ मुलानेही कागद वकिलाला दाखवल्याशिवाय सही करू नये. २०१२ मध्ये कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली, तेव्हापासून गीतकाराला आपल्या शब्दांच्या रॉयल्टीतला वाटा कायद्याने मिळतो. त्यासाठी आयपीआरएस या संस्थेचे सभासद होता येते. आपली किती मुले लिहितात आणि किती जणांना हे ठाऊक आहे?

चौथे, हिशेब सरळ मांडावा. 'गली बॉय'नंतर हजारो मुलांनी फोनवर गाणी केली. त्यांतल्या मोजक्याच मुलांचे घर त्यावर चालते. शिक्षण आणि हातातले काम सोडून या वाटेने जाऊ नये, हे त्याला प्रेमाने पण स्पष्ट सांगावे. मुरादचीही परीक्षा सुटलेली नव्हती.

शेवटी उरते ते

'आफत'नंतर चित्रपट आला, पुरस्कार आले, टीव्हीवर रॅपच्या स्पर्धा सुरू झाल्या आणि बोळांत कॅमेरे आले. कॅमेरे पुढच्या विषयाकडे निघून जातील, ते त्यांचे कामच आहे. टिकून राहील ती एक साधी जाणीव. आपल्या मोहल्ल्याची मिश्र बोली हलकी नाही, आणि आपली गोष्ट सांगण्यासाठी बाहेरचा कोणी येण्याची वाट पाहावी लागत नाही. कुर्ल्याच्या एका मुलाने हे घरातल्या आयपॅडवर करून दाखवले, तेव्हा मुंबईतल्या कितीतरी मुलांनी आपल्या वह्या बाहेर काढल्या.

आपल्या घरातही अशी वही असण्याची शक्यता आहे. कदाचित ती वही नसेल, फोनच्या 'नोट्स'मध्ये लपवलेल्या ओळी असतील. इशानंतर जेवणे आटोपली की कधीतरी मुलाला म्हणावे, 'आज काय लिहिलेस, वाच बघू.' पहिल्या दिवशी तो टाळेल. दुसऱ्या दिवशीही विचारावे. वाचायला लागला की मध्ये बोलू नये, शेवटपर्यंत ऐकावे आणि त्याने कोणाचे दुःख मांडले आहे ते आधी पाहावे. चुका काढायला नंतर वेळ असतोच.